हॅरी पॉटरच्या जगातलं भाकीत, काळाचा फेरा आणि त्यातले पेच: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

हे पान सातही पुस्तकं वाचून झालेल्यांसाठी आहे. ज्यांची वाचायची राहिली आहेत त्यांनी आधी ती वाचावीत, कारण इथे शेवटापर्यंतचं सगळं उघड केलेलं आहे. माझं मत सुरुवातीलाच सांगून ठेवते: या जगात भाकीत स्वतः काहीच करत नाही. करतो तो ते ऐकून घाबरलेला माणूस. खालची बरीचशी उत्तरं या मतावर उभी आहेत. हे मत कुठे अपुरं पडतं तेही त्या त्या ठिकाणी लिहिलं आहे.

मूळ भाकीत काय आहे? कोणी आणि कुठे सांगितलं?

हॉग्समीड गावातल्या ‘हॉग्स हेड’ पबच्या माडीवर, एका पावसाळी गारठ्याच्या रात्री. भविष्यकथन हा विषय हॉगवर्ट्स या जादूच्या शाळेत पुढे चालू ठेवू नये असं मुख्याध्यापक डंबलडोरांच्या मनात होतं. पण अर्ज केलेल्या सिबिल ट्रेलॉनी या एका नावाजलेल्या भविष्यवेत्तीच्या खापरपणती, म्हणून निव्वळ सौजन्यापोटी ते मुलाखतीला गेले. बाईंच्या अंगात काही नाही असं त्यांचं मत झालं आणि ते निघणार, तोच बाईंचा आवाज घोगरा झाला.

त्या जे बोलल्या त्याचा मथितार्थ असा: डार्क लॉर्डला, म्हणजे व्होल्डेमॉर्टला, हरवण्याची ताकद असलेला येतो आहे. ज्यांनी डार्क लॉर्डला तीनदा धुडकावलं अशा आईबापांच्या पोटी, सातवा महिना सरताना तो जन्मेल. डार्क लॉर्ड त्याच्यावर आपल्या तोडीचा म्हणून खूण करील. पण त्या मुलाकडे डार्क लॉर्डला ठाऊक नसलेली शक्ती असेल. आणि दोघांपैकी एकाला दुसऱ्याच्या हातून मरावं लागेल, कारण एक तगून आहे तोवर दुसऱ्याला जगता येणार नाही.

यातला पहिला भाग आणि ‘खूण करील’पासून पुढचा भाग असे दोन तुकडे ध्यानात ठेवा. पुढचा सगळा खेळ त्यांच्यामधल्या फटीत आहे.

स्वतःच स्वतःला खरं करणारं भाकीत म्हणजे नेमकं काय?

जे भाकीत सांगितलं गेल्यामुळेच घडतं, सांगितलं नसतं तर घडलं नसतं, ते. अमेरिकन समाजशास्त्रज्ञ रॉबर्ट मर्टन यांनी 1948 च्या एका निबंधात ही कल्पना मांडली. त्यांचं उदाहरण बँकेचं आहे. बँक व्यवस्थित चाललेली असते. ती बुडणार अशी अफवा उठते, ठेवीदार पैसे काढायला धावतात आणि बँक खरोखर बुडते. अफवा उठली त्या क्षणी ती खोटीच होती. ग्रीक कथेतल्या ईडिपसचंही तेच. मुलगा आपल्याला मारणार हे ऐकून बापाने त्याला रानात टाकायला लावलं, म्हणूनच मोठेपणी त्याने बापाला ओळखलं नाही.

स्नेपने अर्धंच भाकीत ऐकलं याला एवढं महत्त्व का?

कारण ते अर्धवट ऐकण्यातच सगळं आहे. स्नेप तेव्हा व्होल्डेमॉर्टचा माणूस होता. दाराआड कान लावून बसला असताना तो पकडला गेला, आणि जन्माच्या खुणांपर्यंतचा भागच त्याच्या हाती लागला. तो त्याने मालकाच्या कानावर घातला. या मुलावर वार केलास तर तूच त्याला आपल्या तोडीचा करशील, हा इशारा दारापलीकडेच राहिला.

यातली आणखी एक साखळी पुस्तकभर विखुरलेली असल्यामुळे बरेच जण सोडून देतात. भाकीत आपलं जिच्यावर प्रेम आहे त्या लिलीच्या मुलाला, म्हणजे हॅरीला, लागू होतंय हे कळल्यावर स्नेप हादरला आणि लिलीला तरी सोड म्हणून व्होल्डेमॉर्टपुढे गयावया करू लागला. म्हणून 31 ऑक्टोबर 1981 च्या रात्री व्होल्डेमॉर्टने लिलीला बाजूला हो असं सांगितलं, एकदा नव्हे, पुन्हा पुन्हा. हॅरीचा बाप जेम्स याला ही संधी मिळाली नव्हती. तो हातात छडीही नसताना दाराशीच मारला गेला. लिलीला जगायची वाट मोकळी होती आणि ती हलली नाही. हॅरीभोवतीचं संरक्षण त्या नकारातून तयार झालं, आणि शाप उलटला तो त्या संरक्षणावर आपटून.

आता उलट चाला. संरक्षण लिलीच्या निवडीमुळे, निवड स्नेपच्या विनवणीमुळे, विनवणी चोरून ऐकलेल्या भाकितामुळे. ‘डार्क लॉर्डला ठाऊक नसलेली शक्ती’ हे शब्द स्नेपच्या कानी पडलेच नाहीत, आणि ती शक्ती त्या घरात पोचण्याची वाट मात्र त्याच्याच चुगलीतून निघाली. संपूर्ण मालिकेत याहून घट्ट विणलेला धागा मला दुसरा सापडलेला नाही.

पण ट्रेलॉनीबाई तर म्हणतात की दार उघडलं तेव्हा स्नेप समोर उभा होता. मग त्याने अर्धंच कसं ऐकलं?

बरोबर पकडलंत. पाचव्या पुस्तकात डंबलडोर सांगतात की चोरून ऐकणाऱ्याला मध्येच पकडून हाकललं. सहाव्यात बाईंना आठवतं की आपल्याला जरा गरगरल्यासारखं झालं आणि मग दारात पबचा मालक आणि स्नेप दिसले. बाई भाकीत सांगत असताना भानावर नसतात, म्हणजे त्यांनी स्नेपला पाहिलं ते सगळं सांगून झाल्यावरच. दोन्ही हकिकती जुळवायच्या तर मालक एबरफोर्थने स्नेपला अर्ध्यावर धरलं, बाहेर झटापट झाली, तेवढ्यात आत उरलेलं भाकीत संपलं आणि मग दार उघडलं असं मानावं लागतं. मला हे पटतं. पुस्तकात इतक्या स्पष्ट शब्दांत ते कुठे लिहिलेलं नाही.

नेव्हिललाही ते लागू होत होतं ना? मग हॅरीच का?

हॅरीचा वर्गमित्र नेव्हिल याचा जन्म 30 जुलैचा, हॅरीचा 31 जुलैचा, दोघं 1980 चे. दोघांच्याही आईबापांनी व्होल्डेमॉर्टला तीनदा धुडकावलं होतं. भाकिताने नाव घेतलं नाही. ते व्होल्डेमॉर्टने घातलं. शुद्ध रक्ताचा डंका पिटणाऱ्या त्या माणसाने शुद्ध रक्ताच्या नेव्हिलला सोडून आपल्यासारखंच मिश्र रक्ताचं पोर धोकादायक ठरवलं. त्या पाळण्यात त्याने स्वतःलाच पाहिलं.

जादू मंत्रालयातल्या भाकितगृहाची नोंदही वाचण्यासारखी आहे. 97 व्या रांगेत ठेवलेल्या त्या काचगोळ्याच्या चिठ्ठीवर डार्क लॉर्डचं नाव आहे आणि पुढे कंसात प्रश्नचिन्ह टाकून हॅरी पॉटर. हॅरीचं नाव तिथे हल्ल्यानंतर चढलं. व्होल्डेमॉर्टने याच मुलाला मारायचा प्रयत्न केला, म्हणजे भाकीत याचंच असणार, असा नोंद ठेवणाऱ्याचा हिशेब. अधिकृत दप्तरातसुद्धा उत्तर आधी आलं आणि प्रश्न मागाहून भरला गेला.

तो गोळा शेवटी फुटतो तोही नेव्हिलच्या पायाने. त्याचे पाय शापामुळे थरथरत असतात, हॅरी त्याला पायऱ्यांवरून ओढत असतो, झग्याची शिवण उसवून गोळा खाली पडतो आणि नेव्हिलची लाथ बसते. त्या गदारोळात आतलं भाकीत कुणालाच ऐकू येत नाही.

व्होल्डेमॉर्टने दुर्लक्ष केलं असतं तर काय झालं असतं?

सहाव्या पुस्तकात डंबलडोर हॅरीला हेच कळवळून सांगतात: तू त्या भाकिताला फार मोठं करतो आहेस, व्होल्डेमॉर्टने ते ऐकलंच नसतं तर त्याला काही अर्थ उरला असता का, भाकितगृहातली सगळी भाकितं खरी ठरली आहेत असं तुला वाटतं का?

मी त्यांच्याशी सहमत आहे. हॅरीजवळ जे वेगळं आहे त्याची यादी करा: आईच्या बलिदानाचं कवच, कपाळावरचा व्रण, सापांची भाषा, शत्रूच्या मनात डोकावता येणं. यातलं एकही त्या रात्रीपूर्वीचं नाही. बहुतेक गोष्टी व्होल्डेमॉर्टच्या आत्म्याचा तुकडा हॅरीत अडकल्यामुळे आलेल्या. हल्ला झालाच नसता तर जेम्स-लिलीचा एक धडधाकट, झाडू छान चालवणारा मुलगा एवढीच त्याची ओळख राहिली असती.

यावर काही वाचक म्हणतात की भाकिताच्या पहिल्याच वाक्यात ‘ताकद असलेला येतो आहे’ असं आहे, म्हणजे ताकद जन्मजात होती. तसा अर्थ लावता येतो. मात्र मालिकेच्या तीन-चार हजार पानांत त्या जन्मजात ताकदीचा मागमूस लागत नाही, म्हणून मी तो अर्थ धरत नाही.

म्हणजे भाकीत खरं होतं, की खरं केलं गेलं? इथेच तर विरोधाभास आहे!

हो, आणि तो पुसून टाकायची घाई करू नये.

तीन शक्यता घ्या. भाकीत कुणीच चोरून ऐकलं नाही, तर हल्ला नाही, खूण नाही, भाकीत फोल. भाकीत पूर्ण ऐकलं गेलं, तर वार केल्याने मुलगा आपल्या तोडीचा होईल हे व्होल्डेमॉर्टला कळतं. मुलांना सुखाने जगू देण्याइतका तो भला नव्हता, पण काम त्याने दुसऱ्या कुणाच्या हातून उरकलं असतं. म्हणजे त्याची स्वतःची खूण नाही, भाकीत पुन्हा फोल. ते खरं ठरतं फक्त तिसऱ्या वाटेने: ऐकलं जावं, पण अर्धंच. आपलं फुटणं आणि मोडकं फुटणं गृहीत धरूनच ते बोललं गेलं होतं की काय, असं वाटायला लागतं.

इथून काही जण असा निष्कर्ष काढतात की या जगात नियती बसलेली आहे आणि तिने स्नेपला दाराशी उभं केलं, एबरफोर्थला नेमक्या वेळी जिना चढायला लावला. मला ते मान्य नाही. भाकितगृहात रांगाच्या रांगा गोळे आहेत, त्यांतले कित्येक फोल गेलेले असणार, आणि फोल गेलेल्या भाकिताची कुणी सात पुस्तकं लिहीत नाही. आपल्यासमोर आलेलं भाकीत खरंच ठरणार होतं, कारण ते खरं ठरलं म्हणून तर गोष्ट झाली. तरीही हे उत्तर सगळ्या शंका मिटवत नाही. ‘आपल्या तोडीचा म्हणून खूण करील’ हे इतकं नेमकं आहे की त्याला नुसता योगायोग म्हणताना माझीही जीभ अडते.

‘एक तगून आहे तोवर दुसऱ्याला जगता येणार नाही’, पण दोघं इतकी वर्षं जगलेच की!

इथे ‘तगणं’ आणि ‘जगणं’ या वेगळ्या अवस्था आहेत. पहिल्या हल्ल्यानंतर व्होल्डेमॉर्ट दहाहून अधिक वर्षं देहाविना, इतरांच्या अंगात शिरून तगला. हॅरीलाही डोक्यावर टांगती तलवार घेऊन मोकळं आयुष्य मिळालं नाही.

खरा पेच पुढे आहे. चौथ्या पुस्तकात व्होल्डेमॉर्ट नवा देह घेताना हॅरीचं रक्त वापरतो. लिलीचं संरक्षण त्या रक्तात असतं, ते आता त्याच्याही नसांतून वाहू लागतं. त्यामुळे शेवटी जंगलात तो हॅरीवर प्राणघातक शाप टाकतो तेव्हा मरतो तो हॅरीतला त्याचा स्वतःचा तुकडा. हॅरी परत येऊ शकतो तो व्होल्डेमॉर्ट जिवंत आहे म्हणून. भाकीत म्हणतं एक असताना दुसरा जगू शकत नाही, आणि त्या क्षणी एक आहे म्हणूनच दुसरा जगतो.

‘दुसऱ्याच्या हातून’ हेही असंच फिरतं. 2 मे 1998 च्या पहाटे हॅरीने उच्चारलेला मंत्र नुसता शस्त्र हिसकावण्याचा होता. व्होल्डेमॉर्टला लागला तो त्याचाच शाप, कारण हातातली एल्डर छडी मनाने हॅरीची झालेली होती.

तिसऱ्या पुस्तकातलं ट्रेलॉनीबाईंचं भाकीतही याच जातीचं आहे का?

नाही, आणि माझ्या मताला खरा धक्का देतं ते हेच. परीक्षेच्या वेळी बाई हॅरीला सांगतात की आज मध्यरात्रीपूर्वी सेवक मोकळा होऊन मालकाकडे निघेल. उंदराचं रूप घेणारा व्होल्डेमॉर्टचा सेवक पेटिग्र्यू त्याच रात्री निसटतो. पण कुणीही हे भाकीत ऐकून त्यावर कृती केलेली नाही. हॅरीने पेटिग्र्यूचा जीव वाचवला तो आपल्या वडिलांचे मित्र खुनी होऊ नयेत म्हणून. ल्युपिन औषध घ्यायला विसरला, चंद्र ढगाआडून बाहेर आला आणि उंदीर पळाला. ऐकणाऱ्याच्या भीतीचा इथे हात नाही. साधं, सरळ, पुढचं दिसलेलं भाकीत. म्हणून या जगातली सगळीच भाकितं ऐकणाऱ्यामुळे खरी ठरतात असं म्हणता येत नाही. मोठं भाकीत तसं ठरलं, एवढंच.

काळात मागे नेणाऱ्या टाइम-टर्नरने भूतकाळ बदलला की नाही?

नाही. हे प्रकरण बारकाईने वाचा, लेखिकेने फार काळजी घेतली आहे. पहिल्या फेरीत हॅरी, रॉन आणि हर्मायनीला कुऱ्हाडीचा सपकारा आणि दणका ऐकू येतो, मागोमाग हॅग्रिडचं रडणं. मृत्युदंड झालेला हॅग्रिडचा लाडका प्राणी बकबीक मेला असं ते धरून चालतात आणि आपणही. टाइम-टर्नरचे तीन वेढे देऊन हॅरी आणि हर्मायनी तीन तास मागे जातात तेव्हा तेच आवाज पुन्हा येतात. पण आता ते जवळ आहेत. कुऱ्हाड चिडलेल्या जल्लादाने कुंपणावर हाणलेली असते, आणि हॅग्रिड रडत असतो तो बकबीक सुटला या आनंदाने. आवाज एकही बदललेला नाही. बकबीक पहिल्यापासून वाचलेलाच होता.

तळ्याकाठी तर कमालच आहे. आत्मा शोषणाऱ्या डिमेंटरांनी घेरलेल्या हॅरीला पलीकडच्या काठावर कुणीतरी त्यांना पळवणारा पेट्रोनस सोडताना दिसतं, ते वडील असावेत असं त्याला वाटतं. दुसऱ्या फेरीत तो त्यांची वाट पाहत त्याच काठावर उभा राहतो, कुणी येत नाही, आणि मग त्याला उमगतं. एरवी धड न जमणारा मंत्र तो सहज करतो, कारण आपण तो आधी केलेला त्याने पाहिलेला असतो. मग हा आत्मविश्वास पहिल्यांदा आला कुठून? त्याला सुरुवात नाही, फेरा स्वतःवरच उभा आहे. भाकितातही परिणामाची बातमी आधी येते आणि ती परिणाम घडवते, म्हणून दोन्ही एकसारखे वाटतात. फरक एवढाच की भाकितात बातमी ऐकणाऱ्याला भीती देते, इथे पाहणाऱ्याला बळ.

मग हर्मायनी असं का म्हणते की काही जादूगारांनी चुकून स्वतःलाच मारलं?

मॅकगोनॅगलबाईंनी तिला घातलेली ती भीती आहे. भविष्यातून आलेल्या स्वतःला मारलं तर तर्काला बाधा येत नाही, तो माणूस पुढे मागे जाईल आणि मरेल. भूतकाळातल्या स्वतःला मारलं तर मात्र मारणारा उरतच नाही. हे विधान बंद फेऱ्याच्या नियमाशी जुळत नाही, आणि ते जुळवून दाखवायचा अट्टहास मी करणार नाही. टाइम-टर्नरचा सगळा साठा पाचव्या पुस्तकातल्या मंत्रालयाच्या लढाईत फुटला, त्यामुळे पुढे परीक्षा घ्यायची वेळच आली नाही.

नंतर आलेल्या नाटकाचं काय?

‘हॅरी पॉटर अँड द कर्स्ड चाइल्ड’ या 2016 च्या नाटकात भूतकाळ बदलतो आणि वर्तमान वेगळं होतं. नियमच निराळा आहे. पुस्तकांबद्दल वाद घालताना ते बाजूला ठेवावं असं मला वाटतं.

हे आपल्या कंसासारखंच नाही का?

सुरुवात तशीच आहे: आकाशवाणी, घाबरलेला सत्ताधीश, तान्ह्या मुलांवर हल्ला, परक्या घरी वाढलेला मुलगा. भागवताच्या दशम स्कंधात एक सुंदर तपशील आहे. वसुदेव पहिलं बाळ शब्द पाळून आणून देतो तेव्हा कंस ते परत करतो, कारण भीती आठव्याची आहे. नारद येऊन त्याचं मन फिरवतात तेव्हा कत्तल सुरू होते. म्हणजे तिथेही ऐकणाऱ्याच्या मनातली भीती वाढत जाताना दिसते.

पण मुळात फरक आहे. कृष्ण भूमीचा भार हलका करायचा ठरवूनच येतो. कंसाने कान बंद ठेवले असते तरी तो आला असता. हॅरीला कुणी पाठवलेलं नाही. देवकीच्या आठव्यामागे देवांचा संकल्प उभा आहे, लिलीच्या मुलामागे एक घाबरलेला माणूस.

हॅरीला स्वतःची निवड होती का, की भाकिताने त्याला बांधून टाकलं?

होती. डंबलडोर त्याला विचारतात की भाकीत नसतं तर व्होल्डेमॉर्टचं काय करावंसं वाटलं असतं. आईवडील, सिरियस, सेड्रिक डोळ्यांसमोर आणून हॅरीचं उत्तर येतं की मला तो संपायलाच हवाय, आणि मलाच ते करायचंय. मग त्याला कळतं की आखाड्यात फरफटत नेलं जाणं आणि मान ताठ ठेवून स्वतः उतरणं, यांत फरक आहे. घटना तीच, माणूस वेगळा. व्होल्डेमॉर्टला मात्र ही मोकळीक उरलेली नव्हती, कारण त्याचा भाकितावर विश्वास होता. त्याने एक आख्खं वर्ष राहिलेला अर्धा भाग मिळवायला घालवलं, त्यापायी आपण परत आल्याचं गुपित गमावलं.

मी शाळकरी वयात हे प्रकरण वाचलं होतं तेव्हा ते उपदेशासारखं वाटलं होतं. आता वाटतं की सगळ्या मालिकेचा कणा याच पानांत आहे.

मी स्वतः कल्पित विश्व रचतोय. भाकीत घालू का?

घाला, पण आधी ठरवा की ते कोण ऐकणार, किती ऐकणार आणि त्या माणसाला कशाची भीती आहे. शब्दांतली कोडी मागाहून सुचतात. भाकीत ऐकून कुणीच काही करणार नसेल तर ते नुसतं सजावटीला राहतं. आणि काळाचा फेरा घालायचा असेल तर पहिल्या फेरीतला प्रत्येक आवाज कागदावर लिहून ठेवा, दुसऱ्या फेरीत तो तसाच वाजला पाहिजे.

ट्रेलॉनीबाईंना आपण काय बोललो ते कधी कळलं का?

त्यांना दोन्ही खरी भाकितं आठवत नाहीत. रोजच्या वर्गात त्या सांगतात ती मृत्यूची भाकितं बहुतेक फुसकी निघतात, मुलं हसतात. डंबलडोरांनी त्यांना नोकरी दिली आणि पुढे अम्ब्रिजने काढून टाकल्यावरही वाड्यातच ठेवून घेतलं, ते त्यांच्या जिवाला धोका होता म्हणून. त्यांना वाटत राहिलं की मुलाखत उत्तम झाली होती. स्नेपबद्दलची गोष्टही त्या हॅरीला सहज, नोकरीच्या आठवणी सांगताना सांगून जातात. हॉगवर्ट्सच्या लढाईत त्याच बाई वरच्या कठड्यावरून स्फटिकाचे गोळे खाली हाणत होत्या, आणि त्यातला एक थेट फेनरिर ग्रेबॅकच्या डोक्यात बसला.